अणुइंजिन तयार होते, प्रवास ठरलेला नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या रविवारच्या पुरवणीत अणुशक्तीवर चालणाऱ्या अवकाशयानांविषयीचा लेख नुकताच वाचला. मराठीत या विषयावर फारसे लिहिले जात नाही, त्यामुळे लेखकाचे आणि आपले आभार मानणे हे माझे पहिले कर्तव्य आहे. मात्र लेखात तीन विधाने अशी आहेत की ती दुरुस्त न होता वाचकांपुढे राहणे योग्य नाही. अणुइंजिन ही अलीकडच्या काही वर्षांतली कल्पना आहे, असे इंजिन अद्याप कोणालाही प्रत्यक्ष चालवता आलेले नाही, आणि चांद्रयान-३ च्या निमित्ताने भारतानेही अणुशक्तीवर यान चालवून दाखवले, अशी ती विधाने आहेत. तिन्ही चुकीची आहेत. माझी सारी नोकरी दीपनगरच्या औष्णिक वीज केंद्रात बॉयलर विभागात झाली. उष्णता कुठून निघते, कशाच्या आधाराने वाहून नेली जाते आणि वाटेतल्या धातूला ती किती सोसते, हेच पाहण्यात आयुष्य गेले. अणुइंजिनाचा प्रश्नही मुळात हाच असल्याने गेली बरीच वर्षे मी या इतिहासाचा अभ्यास करत आलो आहे. पत्र लांबेल याची कल्पना आहे, पण हा विषय चार ओळींच्या खुलाशात बसणारा नाही.

प्रथम मूळ कल्पनेविषयी. रशियातील कलुगा या गावात शाळामास्तर असलेल्या कॉन्स्टंटिन त्सिओल्कोव्हस्की यांनी १९०३ मध्ये रॉकेटच्या गतीचे जे सूत्र प्रसिद्ध केले, त्याचा आशय असा की यानाला मिळणारा वेग दोनच गोष्टींवर ठरतो: मागे फेकल्या जाणाऱ्या झोताचा वेग किती, आणि निघताना व इंधन संपताना यानाच्या वजनाचे गुणोत्तर किती. ऑटो हान आणि फ्रिट्झ स्ट्रासमान यांच्या प्रयोगांतून १९३८ च्या अखेरीस युरेनियमचे विखंडन, म्हणजे त्याच्या अणुकेंद्राचे तुकडे होणे, उघडकीस आले, आणि लिझ माइटनर व ऑटो फ्रिश यांनी त्याचा अर्थ लावला. एक किलो युरेनियम-२३५ पूर्ण विखंडित झाले तर उत्तम प्रतीचा अडीच-तीन हजार टन कोळसा जाळल्याइतकी उष्णता मिळते हे समजल्यावर अवकाशप्रवासाचा विचार करणाऱ्यांचे लक्ष तिकडे न जाते तरच नवल. दुसरे महायुद्ध संपल्यावर वर्षा-दोन वर्षांतच अमेरिकेतील लॉस अलामॉसच्या अणुप्रयोगशाळेत यावर टिपणे लिहिली जाऊ लागली होती. म्हणजे ही कल्पना आता पाऊणशे वर्षांहून जुनी आहे.

येथे एक गोष्ट नीट समजून घेतली पाहिजे, कारण आपल्या लेखात तिचाच घोटाळा झाला आहे. अणुशक्ती म्हणजे प्रचंड उष्णता, म्हणून अणुरॉकेटचा झोत अधिक तप्त आणि म्हणून अधिक वेगवान, असे त्यात लिहिले आहे. वस्तुस्थिती जवळजवळ उलट आहे. हायड्रोजन आणि ऑक्सिजन जाळणाऱ्या रॉकेटच्या दहनकक्षात तापमान ३,००० अंश सेल्सियसच्याही वर जाते, कारण तेथे ज्वाला वायूतच पेटते आणि भोवतीची भिंत थंड ठेवता येते. अणुभट्टीत मात्र उष्णता घन इंधनातून वायूत जाते. इंधन वितळू द्यायचे नसेल तर वायू त्याच्यापेक्षा गरम होऊच शकत नाही. त्यामुळे अमेरिकेने चालवलेल्या अणुइंजिनांतला वायू रासायनिक रॉकेटच्या ज्वालेपेक्षा कितीतरी थंड होता. फायदा होतो तो वायू हलका असल्यामुळे. झोताचा वेग तापमानाला रेणुभाराने भागून येणाऱ्या संख्येच्या वर्गमुळाप्रमाणे बदलतो. रासायनिक रॉकेटमधून बाहेर पडणाऱ्या झोतात बहुतांशी पाण्याची वाफ असते आणि तिचा रेणुभार १८ आहे. अणुभट्टीला जाळायचे काही नसल्याने ऑक्सिजन लागतच नाही, म्हणून नुसता हायड्रोजन तापवून सोडता येतो आणि त्याचा रेणुभार अवघा २ आहे. या एका कारणाने झोताचा वेग सेकंदाला सुमारे साडेचार किलोमीटरवरून आठ किलोमीटरच्या पुढे जातो.

एवढ्याने काय साधते, असे कोणी विचारील. त्सिओल्कोव्हस्कींच्याच सूत्रात आकडे घालून पाहावेत. यानाचा वेग सेकंदाला ८ किलोमीटरने वाढवायचा असेल, तर १०० टनांच्या रासायनिक यानात इंधन संपल्यावर सुमारे १७ टन उरतात आणि १०० टनांच्या अणुयानात सुमारे ३८ टन. मंगळावर माणसे न्यायची आणि सुखरूप परत आणायची असतील तर हा फरक निर्णायक आहे. अर्थात या ३८ टनांत अणुभट्टीचे वजन, किरणोत्सर्ग अडवणारा आडोसा आणि हायड्रोजनच्या अवाढव्य टाक्या हे सारे आलेच. द्रवरूप हायड्रोजन उणे २५३ अंशांवर ठेवावा लागतो आणि त्याचे एक घनमीटर जेमतेम ७० किलो भरते. तरीही बाकी अणुयानाच्याच बाजूने राहते.

आता दुसरे विधान, की असे इंजिन कोणालाही चालवता आलेले नाही. १९५५ मध्ये अमेरिकेच्या हवाई दलाने आणि अणुऊर्जा आयोगाने रोव्हर प्रकल्प सुरू केला. इंजिनाची भट्टी लॉस अलामॉसला आखली जाई आणि नेवाडाच्या वाळवंटातील जॅकअस फ्लॅट्स येथे चालवून पाहिली जाई. १ जुलै १९५९ रोजी पहिली भट्टी तेथे चालली. तिचे नाव किवी. उडू न शकणाऱ्या पक्ष्याचे नाव मुद्दाम दिले होते, कारण ही भट्टी केवळ जमिनीवर तपासण्यासाठी होती. भुसावळसारख्या रेल्वेच्या गावातील वाचकांना एक तपशील विशेष वाटेल. चाचणी झाल्यावर भट्टी इतकी किरणोत्सर्गी होई की माणसाने तिच्याजवळ जाणे शक्य नसे, म्हणून ती आधीपासूनच रेल्वेच्या सपाट वाघिणीवर, नॉझल (झोत बाहेर सोडणारी तोटी) आकाशाकडे करून, बसवलेली असे. जोडणीच्या शेडपासून चाचणीच्या जागेपर्यंत आणि तेथून खोलून तपासण्याच्या इमारतीपर्यंत तिला नेण्यासाठी वाळवंटात खास लोहमार्ग टाकला होता.

या भट्टीची रचना पाहण्यासारखी आहे. ग्रॅफाइटच्या षटकोनी कांड्या, प्रत्येक सुमारे सव्वा मीटर लांब आणि जाडीला दोन सेंटिमीटरहूनही कमी. ग्रॅफाइटमध्येच युरेनियम मिसळलेले, आणि प्रत्येक कांडीला या टोकापासून त्या टोकापर्यंत १९ बारीक भोके. अशा शेकडो कांड्या एकत्र बांधून भट्टीचा गाभा होई. टाकीतला हायड्रोजन नॉझलच्या भिंतीतून खेळवून आधी ती थंड राखायची, मग तो भोकांतून सोडायचा, आणि सव्वा मीटरच्या वाटेत त्याला २,००० अंशांच्या पार न्यायचे. अडचण अशी की तप्त हायड्रोजन ग्रॅफाइटला खातो. कार्बनचे वायू बनून कांडी आतून झिजत जाते. म्हणून भोकांना आतून निओबियम कार्बाइडचा मुलामा दिला. पण तापल्यावर मुलामा आणि ग्रॅफाइट सारखे प्रसरण पावत नाहीत, त्यामुळे मुलाम्याला तडे जात आणि तड्यांतून हायड्रोजन पुन्हा आत शिरे. हा झगडा अखेरपर्यंत चालला आणि प्रत्येक नव्या भट्टीबरोबर झीज कमी होत गेली.

सर्वात कठीण प्रसंग ३० नोव्हेंबर १९६२ चा. त्या दिवशीच्या चाचणीत शक्ती वाढवत नेताना नॉझलमधून लखलखते तुकडे बाहेर पडू लागले. ते इंधनकांड्यांचे तुकडे होते. त्यानंतर आठच दिवसांनी राष्ट्राध्यक्ष केनेडी स्वतः नेवाडाला येऊन गेले. पुढची गरम चाचणी घेण्याची घाई न करता अभियंत्यांनी १९६३ मध्ये युरेनियम नसलेल्या कांड्यांचा गाभा बांधला आणि त्यातून थंड वायू सोडून पाहिला. कांड्या तशाही थरथरून तुटल्या. दोष अणुविज्ञानात नव्हता, कांड्यांच्या फटींतून वाहणाऱ्या वायूच्या दाबाने गाभा हादरत होता. बांधणी बदलली, आणि १९६४ च्या चाचण्यांत तो दोष पुन्हा दिसला नाही. बॉयलरच्या नळ्यांची थरथर ज्यांनी हाताने अनुभवली आहे, त्यांना या संशोधनाची किंमत सांगायला नको. मला तर या संपूर्ण इतिहासात अभियांत्रिकीचा सर्वोत्तम नमुना हाच वाटतो.

जून १९६५ मध्ये फीबस नावाच्या भट्टीची चाचणी दहा मिनिटे उत्तम झाली आणि मग टाकीतला हायड्रोजन संपला. पातळी दाखवणारे मापक किरणोत्सर्गामुळे चुकीचे आकडे दाखवत होते, त्यामुळे टाकी रिकामी होत आल्याचे कोणाला कळले नाही. थंड करणारा प्रवाह थांबताच गाभा जळला, त्याचे भाग उडाले आणि जागा साफ करणे हे वेगळेच काम होऊन बसले. बॉयलरच्या ड्रममधील पाण्याची पातळी दाखवणाऱ्या काचेवर पाळीतल्या प्रत्येकाची नजर का असते, हे वीज केंद्रातल्या कोणालाही विचारावे.

एवढे होऊनही प्रगती थांबली नाही. डिसेंबर १९६७ मध्ये एक भट्टी सुमारे १,१०० मेगावॅट शक्तीवर सलग तासभर चालली. जून १९६८ मध्ये फीबस-२ए सुमारे ४,००० मेगावॅटवर पोहोचली आणि एकूण बारा मिनिटांच्या आसपास उच्च शक्तीवर राहिली. हा आकडा उष्णतेचा आहे. दीपनगरच्या ५०० मेगावॅटच्या एका संचाला वीज करण्यासाठी १,३०० ते १,४०० मेगावॅट उष्णता लागते आणि ती देणारा बॉयलर पंधरा-वीस मजली इमारतीएवढा असतो. तसे तीन बॉयलर मिळून जी उष्णता देतील, ती या भट्टीने दीड मीटरही व्यास नसलेल्या गाभ्यातून दिली. १९६९ मध्ये एक्सई नावाचे इंजिन उभे करून, नॉझल खाली ठेवून, अवकाशातल्यासारखी कमी दाबाची स्थिती निर्माण करून चालवले गेले आणि ते २८ वेळा सुरू करून बंद करण्यात आले. त्या वेळी हा प्रकल्प नर्व्हा या नावाने चालत होता आणि अवकाशात पाठवता येईल असे इंजिन बांधण्याइतकी माहिती हाती आली आहे, असे त्याच्या प्रमुखांचे मत होते. जानेवारी १९७३ मध्ये तो बंद करण्यात आला. एकही अणुइंजिन जमिनीवरून हलले नाही.

का, या प्रश्नाचे उत्तर आपल्या लेखात नाही, आणि माझ्या मते तोच या इतिहासाचा गाभा आहे. २५ मे १९६१ च्या ज्या भाषणात केनेडी यांनी दशक संपण्याआधी माणूस चंद्रावर उतरवून परत आणण्याचे उद्दिष्ट मांडले, त्याच भाषणात त्यांनी लगोलग दुसरी मागणी केली होती: रोव्हर अणुरॉकेटला वेग देण्यासाठी आणखी २ कोटी ३० लाख डॉलर. पहिली मागणी जगाला पाठ आहे, दुसरी कोणाला आठवत नाही. पहिल्या मागणीत ठिकाण होते आणि मुदत होती. दुसरीत, कधीतरी चंद्राच्या पलीकडे, कदाचित सूर्यमालेच्या टोकापर्यंत जाण्याचे साधन मिळेल, एवढी आशा होती. ज्या कामाला ठिकाण आणि मुदत नसते, त्याला अंदाजपत्रकात दरवर्षी नव्याने स्वतःची गरज पटवून द्यावी लागते. न्यू मेक्सिकोचे सिनेटर क्लिंटन अँडरसन यांच्यासारखे वजनदार पाठीराखे होते तोवर नर्व्हाला ते जमले. चंद्रावर पाऊल पडून पंधरवडा उलटतो न उलटतो तोच, ऑगस्ट १९६९ मध्ये, नासाचे रॉकेट अभियंते वेर्नहर फॉन ब्राउन यांनी मंगळमोहिमेचा आराखडा मांडला. अणुइंजिनांवर चालणारी दोन याने नोव्हेंबर १९८१ मध्ये निघतील, असे त्यात होते. इंजिनाला प्रथमच प्रवास आणि तारीख मिळाली, पण तोपर्यंत व्हिएतनामचा खर्च, देशातील अशांतता आणि चंद्रविजयानंतर ओसरलेले कुतूहल यांनी त्या आराखड्याला थारा राहिला नव्हता. अपोलोच्या शेवटच्या मोहिमा रद्द झाल्या, चंद्रावर माणसे नेणाऱ्या सॅटर्न-५ रॉकेटचे उत्पादन थांबले, आणि १९७२ च्या सुरुवातीला निक्सन यांनी स्पेस शटलला पसंती दिली. शटलला पृथ्वीभोवतीच फिरायचे होते. मंगळाचा प्रवास रद्द झाल्यावर मंगळाच्या इंजिनाचे काय करायचे, याला कोणाकडे उत्तर नव्हते.

सोव्हिएत संघातही हेच झाले. व्होरोनेझच्या कार्यशाळेने आरडी-०४१० हे छोटे अणुइंजिन विकसित केले. त्यातील कार्बाइडचे इंधन अमेरिकी ग्रॅफाइटपेक्षाही अधिक तापमान सोसत असे, आणि सेमिपलातिन्स्कच्या चाचणीक्षेत्रात त्याच्या भागांची दीर्घ काळ परीक्षा झाली. तेही उडाले नाही.

आपल्या लेखात नर्व्हा आणि ओरायन यांची सरमिसळ झाली आहे. या दोन कल्पनांत अणुशक्तीखेरीज समान असे काहीच नाही. ओरायनमध्ये अणुभट्टी नव्हतीच. यानाच्या मागे एकामागून एक छोटे अणुबॉम्ब टाकायचे, प्रत्येक स्फोटाचा धक्का एका जाडजूड पोलादी तबकडीवर झेलायचा आणि तबकडी व यान यांच्यात बसवलेल्या धक्काशोषकांनी तो माणसांना सोसेल इतका मवाळ करायचा, अशी ती योजना होती. स्टॅनिस्लाव उलाम यांनी कॉर्नेलियस एव्हरेट यांच्यासह १९५५ मध्ये तिचे गणित एका गोपनीय अहवालात मांडले. १९५८ पासून सॅन डिएगो येथे टेड टेलर यांच्या नेतृत्वाखाली प्रत्यक्ष काम सुरू झाले आणि फ्रीमन डायसन प्रिन्स्टन सोडून त्यात सामील झाले. १९६५ पर्यंत मंगळ आणि १९७० पर्यंत शनी, असे त्या मंडळींचे ठरलेले होते, आणि ते त्यांनी गंभीरपणे ठरवले होते. नोव्हेंबर १९५९ मध्ये साध्या स्फोटकांवर चालणारा सुमारे एक मीटर व्यासाचा नमुना त्यांनी काही स्फोटांच्या मालिकेवर हवेत चढवून दाखवला, त्यामुळे लागोपाठच्या धक्क्यांवरही यान स्थिर राहू शकते हे सिद्ध झाले.

ओरायन बंद पडण्याचे कारण मात्र वेगळे होते, आणि त्यात भारताचाही हातभार आहे. सागरी आणि वातावरणातील अणुचाचण्यांची राख जगभर पसरत असताना पंडित नेहरूंनी २ एप्रिल १९५४ रोजी लोकसभेत अशा चाचण्या थांबवण्याच्या कराराची मागणी केली होती. नऊ वर्षांनी, ५ ऑगस्ट १९६३ रोजी, मॉस्कोत वातावरण, अवकाश आणि पाण्याखालील अणुस्फोटांवर बंदी घालणारा करार झाला, आणि त्यावर सुरुवातीलाच सही करणाऱ्यांत भारत होता. अवकाशातही स्फोट निषिद्ध ठरल्यावर ओरायनला जागा उरली नाही आणि १९६५ मध्ये त्याचे काम थांबले. लेखात या कराराचा उल्लेख विज्ञानाच्या मार्गातील अडसर म्हणून आला आहे. त्याबद्दल मला स्पष्टपणे असहमती नोंदवायची आहे. जमिनीवरून उडणाऱ्या ओरायनच्या प्रत्येक उड्डाणाने किरणोत्सर्गी धूळ हवेत गेली असती आणि ती कुठल्या देशातल्या कुठल्या मुलाच्या हाडांत जाऊन बसेल हे कोणाच्याही हातात राहिले नसते. खुद्द डायसन यांनाही हा प्रश्न बेचैन करत होता. शनीपर्यंतचा प्रवास या किमतीत परवडत नाही, हा निर्णय जगाने विचारपूर्वक घेतला आणि तो योग्यच होता.

तिसरा मार्ग अणुभट्टीतून वीज करून तिच्यावर आयन इंजिन, म्हणजे विद्युतभारित कण मागे फेकणारे इंजिन, चालवण्याचा. रेटा अगदी अल्प, पण झोताचा वेग नर्व्हापेक्षा कित्येक पट अधिक, आणि इंजिन महिनोन्महिने चालते. हा मार्ग प्रत्यक्ष अवकाशात गेलेला आहे, हे वाचकांना कळले पाहिजे. ३ एप्रिल १९६५ रोजी अमेरिकेने स्नॅप-१०ए ही छोटी अणुभट्टी कक्षेत पाठवली. तिची वीज ५०० वॅटच्या आसपास होती आणि सोबत सिझियमवर चालणारे आयन इंजिनही होते. इंजिन तासाभराच्या आत थांबवावे लागले. भट्टी ४३ दिवस चालली आणि मग व्होल्टेज नियंत्रित करणारा विजेचा एक भाग बिघडल्याने बंद पडली. अणुभट्टीत दोष नव्हता. ती बंद भट्टी आजही सुमारे १,३०० किलोमीटर उंचीवरून पृथ्वीभोवती फिरत आहे.

सोव्हिएत संघाने त्यापुढे जाऊन समुद्रावरील जहाजांवर नजर ठेवणाऱ्या उपग्रहांत अशा भट्ट्या नेमाने वापरल्या. त्यांतील कॉसमॉस-९५४ हा उपग्रह २४ जानेवारी १९७८ रोजी उत्तर कॅनडावर कोसळला. बर्फाळ प्रदेशात त्याचे किरणोत्सर्गी तुकडे वेचण्याचे काम कॅनडा आणि अमेरिकेच्या पथकांनी कित्येक महिने केले. कॅनडाने ६० लाख डॉलरची भरपाई मागितली आणि सोव्हिएत संघाने ३० लाख दिले. वस्ती विरळ होती म्हणून निभावले. हाच उपग्रह तापीच्या खोऱ्यावर पडला असता तर केळीच्या बागा, विहिरी आणि गुरे यांचे काय झाले असते, याचा विचार आपल्याकडच्या माणसाने करायलाच हवा. या दुर्घटनेनंतर संयुक्त राष्ट्रांत चर्चा सुरू झाली आणि १९९२ मध्ये अवकाशातील अणुस्रोतांविषयी तत्त्वे मान्य झाली. भट्टी सुरक्षित कक्षेत किंवा प्रवासमार्गावर पोहोचेपर्यंत सुरूच करायची नाही, हे त्यांतले माझ्या दृष्टीने सर्वात महत्त्वाचे. न चाललेल्या भट्टीतले ताजे युरेनियम तुलनेने निरुपद्रवी असते. खरे विष तयार होते ते विखंडन सुरू झाल्यावर.

ब्रिटिश इंटरप्लॅनेटरी सोसायटीने १९७३ ते १९७८ या काळात केलेल्या डेडालस या अभ्यासाचा उल्लेख लेखात आला आहे तो ठीक आहे, फक्त तो कागदावरचा अभ्यास होता आणि त्यात विखंडनाऐवजी संमीलन, म्हणजे हलकी अणुकेंद्रे एकत्र येणे, गृहीत धरले होते, एवढे नमूद करणे आवश्यक होते. बर्नार्डच्या ताऱ्याकडे जाणाऱ्या त्या यानाचे इंधन, हीलियम-३, गुरू ग्रहाच्या वातावरणातून गोळा करण्याची कल्पना होती, यावरून त्याची वास्तवापासूनची दूरी ध्यानात येईल.

त्यानंतरच्या काळात जे झाले ते जुन्याच वळणाचे आहे. २००३ मध्ये नासाने गुरूच्या चंद्रांकडे अणुवीजेवर यान पाठवण्यासाठी प्रॉमिथियस हा कार्यक्रम हाती घेतला. २००५ मध्ये तो आवरला. २०२३ मध्ये नासा आणि अमेरिकेच्या संरक्षण खात्याची डार्पा ही संस्था यांनी ड्रेको नावाचे अणुइंजिन २०२७ पर्यंत अवकाशात चालवण्याचे ठरवले. २०२५ मध्ये तेही थांबले. या वेळी एक नवी अडचण समोर आली होती. नर्व्हाच्या काळात हायड्रोजनचा झोत सरळ नेवाडाच्या मोकळ्या हवेत सोडला जाई. आज तसे करता येत नाही आणि करूही नये. झोत पकडून, गाळून, थंड करून मगच सोडण्याची व्यवस्था बांधायची तर इंजिनाइतकाच खर्च त्या व्यवस्थेवर होईल. शिवाय ज्या माणसांनी कांड्या घडवल्या, मुलामा दिला, थरथर शोधून काढली, ती माणसे निवृत्त झाली किंवा गेली. अहवाल कपाटात राहिले, पण हातातले कसब अहवालात उतरत नाही. आपल्या चाळीसगावजवळच्या पाटण येथील तेराव्या शतकाच्या आरंभीचा शिलालेख सांगतो की भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी तेथे मठ स्थापन केला. ग्रंथ लिहून ठेवले तरी ते शिकवणारे आणि शिकणारे सलग राहावे लागतात, हे त्याने ओळखले होते. नर्व्हाच्या बाबतीत अमेरिकेकडून ते झाले नाही.

शेवटी चांद्रयान-३. त्याच्या प्रोपल्शन मॉड्यूलमध्ये भाभा अणुसंशोधन केंद्राने तयार केलेले, एकेक वॅट उष्णता देणारे दोन किरणोत्सर्गी उष्णतास्रोत बसवले होते. यंत्रभाग गारठू नयेत यासाठी अवकाशात अशा साधनांचा उपयोग होतो आणि आपल्या शास्त्रज्ञांनी ते प्रत्यक्ष उडवून तपासले, ही निश्चितच अभिमानाची गोष्ट आहे. पण त्याने यान चालले नाही. यान चालले ते नेहमीच्या रासायनिक इंजिनांवर. दोन वॅट आणि चार हजार मेगावॅट यांतले अंतर पुसून टाकल्याने आपल्या शास्त्रज्ञांचा मान वाढत नाही.

भारताला या क्षेत्रात पुढे काही करायचे असेल तर त्याचा अर्धा पाया आपल्याकडे तयार आहे, हेही सांगितले पाहिजे. उणे २५३ अंशांचा हायड्रोजन साठवणे, पंपाने खेचणे आणि नॉझल थंड राखण्यासाठी खेळवणे हे तंत्र रशियाकडून मिळणार होते. १९९३ मध्ये अमेरिकेच्या दबावाखाली तो दरवाजा बंद झाला, आणि इस्रोने अनेक वर्षांच्या खटपटीनंतर जानेवारी २०१४ मध्ये स्वदेशी क्रायोजेनिक इंजिनावर जीएसएलव्ही यशस्वी करून ते स्वतःच्या बळावर मिळवले. अणुभट्ट्या बांधण्याचा आपला अनुभव त्याहून जुना आहे. विक्रम साराभाई यांनी १९६६ ते १९७१ या काळात अवकाश कार्यक्रमाबरोबरच अणुऊर्जा आयोगाचीही धुरा वाहिली, त्यामुळे ही दोन क्षेत्रे एकत्र विचारात घेणे आपल्या परंपरेला परके नाही. तथापि माझा आग्रह असा की प्रथम आपले यान कुठे, कधी आणि कशासाठी जाणार हे ठरावे, आणि त्या प्रवासाला रासायनिक किंवा सौरशक्ती पुरत नाही असे गणिताने सिद्ध झाले तरच अणुइंजिनाला हात घालावा. सूर्यापासून दूर जाणाऱ्या मोहिमेत ते लवकर सिद्ध होईल. पृथ्वीभोवतीच्या मोहिमेत बहुधा कधीच होणार नाही.

आपल्याला एक विनंती आहे. जळगाव, धुळे आणि नंदुरबार जिल्ह्यांत दरवर्षी तालुका पातळीवर शाळांची विज्ञान प्रदर्शने भरतात आणि त्यांतली पुष्कळ मुले आपल्याच पुरवणीतली कात्रणे पुठ्ठ्यावर चिकटवून त्यांच्या आधारे परीक्षकांना माहिती सांगतात. परीक्षक म्हणून बोलावणे आले तेव्हा मी हे स्वतः पाहिले आहे. यंदाची प्रदर्शने भरण्यापूर्वी आपण चांद्रयान-३ विषयीची दुरुस्ती प्रसिद्ध करावी, आणि जमल्यास हायड्रोजन तापवणारे नर्व्हा, बॉम्बच्या धक्क्यावरचे ओरायन आणि विजेवरचे स्नॅप-१०ए यांची तीन स्वतंत्र रेखाचित्रे, प्रत्येकाखाली साल आणि ते कुठवर पोहोचले याची एक ओळ देऊन, छापावीत. रेखाचित्रांसाठी लागणारी मापे आणि तपशील मी आपल्या जळगाव कार्यालयात आणून देण्यास तयार आहे.

कळावे.

आपला नम्र,
एक निवृत्त वीज कर्मचारी,
भुसावळ, जि. जळगाव